सावित्री हे नाव: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

बारशाच्या आधी, पंचांग उघडल्यावर आणि आजीचं नाव नातीला ठेवायचं की नाही यावर घरात दोन तट पडल्यावर जे प्रश्न येतात, ते इथे एकत्र केले आहेत. एकच गोष्ट दोनदा सांगायची वेळ आली तिथे मागच्यापुढच्या प्रश्नाचा क्रमांक दिला आहे.

१. सावित्री या नावाचा अर्थ काय? एका ओळीत सांगा.

सवित्याची ती सावित्री.

सविता हा वेदांमधला सूर्यदेव. पण डोक्यावर तळपणारा गोळा म्हणजे सविता नव्हे. वेदांवर भाष्य लिहिणाऱ्या सायणाचार्यांच्या मते उगवण्यापूर्वीचा तो सविता आणि उगवल्यापासून मावळेपर्यंतचा तो सूर्य. अजून दिसत नाही, पण पाखरांना जाग आणतो, माणसाला अंथरुणातून उठवतो, तो सविता. शब्दाच्या मुळाशी ‘सू’ हा धातू आहे. त्याचा अर्थ चालना देणं, प्रेरणा देणं. जन्म देणं या अर्थानेही संस्कृतात ‘सू’ धातू येतो, आणि आपले प्रसव, प्रसूती हे शब्द त्यावरूनच आले. सवितृ शब्दाला ‘त्याचं, त्याच्यापासूनचं’ हा अर्थ देणारा प्रत्यय लागला, पहिला स्वर वाढला आणि शेवटी स्त्रीलिंगी ‘ई’ आली, की सावित्री तयार. म्हणजे ‘चालना देणाऱ्याची’. ही ‘त्याची’ कोण, हे मात्र संदर्भाप्रमाणे बदलतं. कुठे ती ऋचा असते, कुठे मुलगी, कुठे देवी.

२. नावांच्या पुस्तकात ‘सूर्यकिरण’ असा अर्थ दिलाय. तो चूक आहे का?

अगदीच चूक म्हणता येणार नाही, कोशांत तोही अर्थ नोंदलेला आहे. पण हे नाव ज्यांनी रूढ केलं त्यांच्या मनात किरण नव्हता. ‘तेजस्विनी’, ‘पवित्र’, ‘पतिव्रता’ असे जे अर्थ छापलेले दिसतात ते त्या नावाच्या राजकन्येचे गुण आहेत. ते शब्दाचे अर्थ नाहीत. उद्या कुणी ‘शिवाजी म्हणजे शूर’ असं छापलं तर आपण जे म्हणू, तेच इथेही म्हणावं.

३. सगळ्यात जुनी सावित्री कोणती? सत्यवानाची का?

नाही, तिच्या कितीतरी आधीची एक आहे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं ८५वं सूक्त हे विवाहसूक्त. त्याची ऋषिका म्हणून परंपरा ‘सूर्या सावित्री’ हे नाव सांगते. सूर्या हे तिचं नाव आणि सावित्री म्हणजे सवित्याची मुलगी. आपण बापाचं नाव लावतो तसंच. सूक्तात तिचं लग्न सोमाशी लागतं. लग्नात नवरा मुलीचा हात हातात घेताना जो मंत्र म्हणतात, ‘गृभ्णामि ते सौभगत्वाय हस्तम्’, तो याच सूक्तातला. तेव्हा ज्यांचं लग्न वैदिक पद्धतीने लागलं त्यांच्या लग्नात ही सावित्री हजर होती, जोडप्याला ठाऊक असो वा नसो.

त्यातली नववी ऋचा मला फार आवडते. सवित्याने सूर्येला दिलं ते कधी, तर तिने स्वतः मनाने पतीची इच्छा धरली तेव्हा. तिचं मन तिथे विचारात घेतलेलं आहे. हे लक्षात ठेवा, पुढे सहाव्या प्रश्नात उपयोगी पडेल.

४. गायत्री मंत्रालाच सावित्री म्हणतात, हे खरं का?

खरं आहे, आणि ‘सावित्री’ हेच त्या ऋचेचं नेमकं नाव. गायत्री हे छंदाचं नाव आहे: आठ आठ अक्षरांचे तीन चरण, एकूण चोवीस अक्षरं. या छंदात वेदात शेकडो ऋचा आहेत. त्यांपैकी विश्वामित्राची ‘तत्सवितुर्वरेण्यम्’ (ऋग्वेद ३.६२.१०) ही सवित्याला उद्देशून आहे, म्हणून ती सावित्री. पुढे ती इतकी गाजली की छंदाचंच नाव तिला चिकटलं. कुणी एकाच अभंगाला ‘अभंग’ हे विशेषनाव देऊन टाकावं, तसं झालं. (अक्षरं मोजून पाहणाऱ्यांसाठी: पहिल्या चरणात सातच भरतील. ‘वरेण्यम्’चा उच्चार ‘वरेणियम्’ असा केला की आठ होतात.)

मुंजीत बटूला जो मंत्र कानात देतात तो हाच. मनुस्मृती तर म्हणते (२.१७०) की या दुसऱ्या जन्मात सावित्री ही आई आणि आचार्य हा बाप. ठरावीक वयापर्यंत ज्याची मुंज झाली नाही त्याला ‘सावित्रीपतित’ म्हणत, म्हणजे सावित्रीला मुकलेला. गंमत अशी, की पुढच्या काळात मुलींची मुंज होईना, मंत्र त्यांच्या कानी पडेना. पण मंत्राचं नाव मात्र मुलींनाच ठेवत राहिले. घरात सावित्री नावाच्या चार बायका आणि सावित्री म्हणण्याचा अधिकार एकीलाही नाही, असं शेकडो वर्षं चाललं.

५. जुळ्या मुली आहेत. सावित्री आणि गायत्री ठेवायचं म्हणतोय, पण कुणीतरी सांगितलं की त्या सवती होत्या.

मंत्राच्या बाबतीत ही दोन नावं एकाच ऋचेची आहेत (प्रश्न ४). पुराणांत मात्र त्या दोन देवी होतात. पद्मपुराणातली गोष्ट अशी: ब्रह्मदेव पुष्करला यज्ञाला बसले. पत्नी सावित्रीला यायला उशीर झाला, मुहूर्त टळू लागला, म्हणून गायत्री नावाच्या गवळ्याच्या मुलीशी लग्न करून तिला शेजारी बसवलं. सावित्री आली, तिने ते पाहिलं आणि शाप देत सुटली. ब्रह्मदेवाची पूजा फारशी कुठे होत नाही त्याचं कारण म्हणून हीच कथा सांगतात. राजस्थानात पुष्करला सरोवराजवळ ब्रह्मदेवाचं देऊळ आहे आणि सावित्रीचं देऊळ दूर एका टेकडीवर. रुसून वर जाऊन बसली ती बसलीच.

आपल्याकडे महाबळेश्वरलाही हीच कथा थोड्या फरकाने सांगतात (प्रश्न ११). जुळ्यांना ही नावं ठेवायला हरकत काहीच नाही. फक्त दोघींपैकी उशिरा उठणारी कोण निघते ते बघा.

६. सत्यवानाच्या सावित्रीला हे नाव का ठेवलं?

सगळ्यात जास्त विचारला जाणारा प्रश्न हा, आणि याचं उत्तर खुद्द महाभारतात दिलेलं आहे. तरी हे ठाऊक असलेली माणसं मला फार थोडी भेटली.

वनपर्वात द्रौपदीचे हाल पाहून युधिष्ठिर मार्कंडेय ऋषींना विचारतो, हिच्यासारखी दुसरी कुणी होऊन गेली का? त्यावर ऋषी ही कथा सांगतात. मद्र देशाचा राजा अश्वपती. मूल नव्हतं. अठरा वर्षं त्याने व्रत केलं, सावित्री मंत्राने लाख आहुती दिल्या. शेवटी अग्नीतून सावित्री देवी प्रकटली. राजाने मागितले होते पुष्कळ मुलगे. देवी म्हणाली, तुला एक तेजस्वी मुलगी होईल. आणि लगेच पुढे: यावर तू काही एक उत्तर द्यायचं नाहीस. मुलगा मागितला, मुलगी मिळाली आणि वर ‘आता बोलायचं नाही’! ही ओळ ज्याने घातली त्या कवीला आपली घरं चांगली ठाऊक असावीत.

मुलगी झाली. महाभारत सांगतं, प्रसन्न झालेल्या सावित्री देवीने दिली आणि सावित्री मंत्रानेच आहुती दिल्या होत्या, म्हणून ब्राह्मणांनी आणि बापाने तिचं नाव सावित्रीच ठेवलं. म्हणजे नावाचं कारण देवी आणि मंत्र. सत्यवान तेव्हा गोष्टीत आलेलाही नाही.

पुढे मुलगी वयात आली, पण तिच्या तेजाने दिपून कुणी मागणी घालेना. शेवटी बापाने रथ दिला आणि सांगितलं, तूच जा, तूच शोध. तिने शोधला तो अंध झालेल्या, राज्य गमावलेल्या द्युमत्सेनाचा मुलगा सत्यवान, अरण्यात राहणारा. नारद म्हणाले, हा बरोबर एका वर्षाने मरणार. बाप म्हणाला, दुसरा बघ. ती म्हणाली, एकदा निवडला तो निवडला.

तो दिवस आला. सत्यवान लाकडं फोडता फोडता डोकं दुखतं म्हणून तिच्या मांडीवर आडवा झाला. यमाने पाशाने अंगठ्याएवढा जीव ओढून काढला आणि दक्षिणेला निघाला. ती मागोमाग. रडत नाही, पाया पडत नाही. बोलते. म्हणते, सात पावलं बरोबर चाललं की मैत्री होते असं जाणते लोक सांगतात, आता आपण मित्र, तर ऐक. तिच्या बोलण्यावर खूश होऊन यम एकेक वर देत जातो, दर वेळी ‘सत्यवानाचा जीव सोडून काहीही माग’ असं बजावत. सासऱ्याची दृष्टी, सासऱ्याचं राज्य, बापाला शंभर मुलगे, मग आपल्याला सत्यवानापासून शंभर मुलगे. हा चौथा वर यमाने देऊन टाकला आणि तिथेच तो अडकला.

बोलता बोलता ती त्याला ‘विवस्वानाचा पुत्र’ म्हणते. विवस्वान म्हणजे सूर्य. म्हणजे सवित्याच्या नावाची बाई सूर्याच्या मुलाशी बोलत होती, नात्यात एवढी ओळख निघतेच.

७. मग यात वडाचं झाड कुठे आहे?

महाभारतातल्या कथेत वडाची पूजा नाही. सावित्री तिथे तीन दिवसांचं व्रत करते, ते मृत्यूचा दिवस यायच्या आधी. वड, त्याला गुंडाळायचा दोरा, फेऱ्या हे पुढच्या पुराणांतल्या व्रतकथांमधून आलं. सात जन्मांचं मागणं तर यमाशी झालेल्या संवादात कुठेच सापडत नाही. तिने याच जन्माचं मागितलं, आणि तेही सगळ्यांत शेवटी.

महाराष्ट्रात आणि गोव्यात हे व्रत ज्येष्ठ पौर्णिमेला, म्हणून वटपौर्णिमा. बिहार, उत्तर प्रदेश, ओडिशा इकडे ते पंधरा दिवस आधी अमावास्येला करतात. उत्तरेतली मैत्रीण ‘ज्येष्ठ अमावास्या’ म्हणते आणि आपल्या कालनिर्णयात तो दिवस वैशाख अमावास्या दिसतो, यावरून गोंधळ होतो. त्यांचा महिना पौर्णिमेला संपतो, आपला अमावास्येला. दिवस तोच असतो. तमिळ घरांमध्ये हीच सावित्री मार्चच्या मध्यात, मासी महिना संपून पंगुनी लागताना, कारडैयान नोन्बु या व्रतात येते. तिथे वड नाही. लोणी आणि तांदळाच्या पिठाचे उकडलेले अडै असतात.

फ्लॅटच्या दारात फांदी आणून पूजा करायची असेल तर वडाचं काय होतं, हा प्रश्न निराळा. सावित्रीने झाड तोडलं नव्हतं, एवढंच सांगतो. तोडत होता तो सत्यवान, आणि त्याचं काय झालं ते वर आलंच आहे.

८. ‘सतीसावित्री’ म्हणतात, म्हणजे ती सती गेली होती का?

छे! सगळी कथाच मुळी नवरा जिवंत परत आणल्याची. चिता पेटायचा प्रसंग येतच नाही. संस्कृतात ‘सती’ म्हणजे चांगली, शीलवान स्त्री. सहगमन करणारीला सती म्हणू लागले ते नंतर, आणि तो नवा अर्थ जुन्या जोडशब्दावर उलटा चढला.

मराठीत ‘आली मोठी सतीसावित्री’ हे टोमण्यासाठीच जास्त वापरतात. हे नाव ठेवताना त्याची कल्पना असू द्या. शाळेत एखादी तरी पोर हे चिडवणारच.

९. सविता आणि सावित्री एकच ना?

एक नाही, आणि इथे व्याकरणाने एक मजा करून ठेवली आहे. संस्कृतात ‘सविता’ हे पुल्लिंगी आहे. मूळ शब्द सवितृ, त्याची प्रथमा सविता. पितृचं पिता, नेतृचं नेता होतं, अगदी तसंच. पण मराठी कानाला शेवटचा ‘आ’ ऐकला की सुनीता, कविता, अनिता आठवतात आणि सविता बाईचं नाव होतं. म्हणजे शब्दशः पाहिलं तर सविता हे देवाचं आणि सावित्री हे त्याच्या मुलीचं नाव. आज सविता नावाच्या सगळ्या आमच्या मावश्या-काकवा आहेत, हे खरं. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पत्नी माईसाहेब यांचंही नाव सविता. माहेरच्या त्या शारदा कबीर. १५ एप्रिल १९४८ रोजी लग्न झालं आणि सविता हे नाव आलं.

त्यामुळे ‘सविता चुकीचं नाव आहे का’ हा पुढचा प्रश्न कृपया पाठवू नका. नाव वापरणाऱ्यांचं असतं.

१०. सावित्रीबाई फुल्यांचा या अर्थाशी काही संबंध लावता येतो का?

त्यांचा जन्म ३ जानेवारी १८३१, सातारा जिल्ह्यातल्या नायगावचा. वडील खंडोजी नेवसे पाटील. नाव का ठेवलं याबद्दल गोष्टी रचण्यात अर्थ नाही, त्या काळी हे नाव घरोघरी होतं. संबंध लागतो तो पुढच्या आयुष्यातून. १८४८ साली पुण्यात बुधवार पेठेतल्या भिडे वाड्यात जोतिराव आणि त्यांनी मुलींची शाळा सुरू केली. चौथ्या प्रश्नात सांगितलं ते आठवा: जी ऋचा बुद्धीला प्रेरणा दे म्हणून सवित्याची प्रार्थना करते, तिचं नाव असलेली बाई ज्यांच्या कानी ती ऋचा पडू दिली नव्हती त्या मुलींना पाटीवर अक्षरं गिरवायला लावत होती.

दुसरी गोष्ट माझ्या डोक्यातून जात नाही. २८ नोव्हेंबर १८९० रोजी जोतिराव गेले, तेव्हा अंत्ययात्रेत टिटवं, म्हणजे विस्तवाचं मडकं, धरून सावित्रीबाई पुढे चालल्या. कथेतली सावित्री यमाच्या मागे गेली. या तर मयताच्याही पुढे चालल्या. १८९७च्या प्लेगमध्ये रोग्यांची सेवा करताना त्यांनाच प्लेग झाला आणि १० मार्चला त्या वारल्या.

आज महाराष्ट्रात ‘सावित्रीच्या लेकी’ म्हटलं की कुणालाही सत्यवानाची बायको आठवत नाही. ३ जानेवारी हा बालिका दिन, आणि पुणे विद्यापीठाला २०१४ पासून त्यांचं नाव आहे. माझ्या मते हे नाव पुन्हा पाळण्यात येऊ लागलंय ते या सावित्रीमुळे.

११. कोकणातली सावित्री नदी कोणाच्या नावावरून?

ब्रह्मदेवाच्या पत्नीच्या. महाबळेश्वरला सांगतात ती कथा पुष्करसारखीच: यज्ञ, उशीर, गायत्री, संताप. शापाने देवांच्या नद्या झाल्या. विष्णूची कृष्णा, शंकराची वेण्णा, ब्रह्मदेवाची कोयना. सावित्री आणि गायत्रीही नद्याच झाल्या. नकाशा पाहिला की कथा जुळवणाऱ्याला दाद द्यावीशी वाटते. कृष्णा, वेण्णा, कोयना घाटमाथ्यावरच्या आणि शेवटी पूर्वेच्या समुद्राकडे जाणाऱ्या. सावित्रीने मात्र त्यांच्याकडे पाठ फिरवून पश्चिमेला उडी घेतली. पोलादपूर, महाड करत ती बाणकोटच्या खाडीत उतरते. पावसाळ्यात महाडकरांना तिचा राग चांगला ठाऊक आहे. २ ऑगस्ट २०१६च्या रात्री मुंबई–गोवा महामार्गावरचा तिच्यावरचा ब्रिटिशकालीन पूल वाहून गेला होता.

१२. सावित्री की सावीत्री? आणि इंग्रजीत कसं लिहायचं?

सावित्री. ‘वि’ ऱ्हस्व, ‘त्री’ दीर्घ. शब्द तत्सम आहे, मुळात ‘वि’ ऱ्हस्वच आहे. जन्मदाखल्यावर ‘सावीत्री’ पडलं तर तेव्हाच दुरुस्त करून घ्या. दहावीच्या प्रमाणपत्रापर्यंत ती चूक गेली की मग प्रतिज्ञापत्र आणि राजपत्र असा वनवास सुरू होतो.

इंग्रजीत मराठी माणूस ‘त’साठी नुसता टी लिहितो. दक्षिणेकडे ‘त’साठी टी-एच लिहिण्याची पद्धत आहे, म्हणून तिकडची सावित्री टी-एच घालते. दोन्ही बरोबर. शेवटी आय लिहा की डबल ई, फक्त सगळ्या कागदांवर एकच ठेवा.

१३. रास कोणती?

‘सा’ हे शततारका नक्षत्राच्या दुसऱ्या चरणाचं अक्षर, म्हणून रास कुंभ.

अर्थाकडून गेलात तर मात्र उत्तर वेगळं येतं. ज्या नक्षत्राची देवता सविता आहे ते हस्त, आणि त्याची रास कन्या. हस्ताची अक्षरं पू, ष, ण, ठ. ‘ण’वरून मुलीचं नाव शोधून दमलेल्या आईबापांनी, पत्रिकेत हस्त असेल तर, देवतेवरून सावित्री ठेवावं. अक्षर जुळणार नाही पण नक्षत्राचा मान राहील. भटजी ऐकतील का, ते तुमचं तुम्ही बघा.

१४. लाडाने काय म्हणायचं?

साऊ, सावू, सावी. गावाकडे सावित्रा आणि सायत्रा अशी रूपंही आहेत. ‘सायत्राबाई’ नावाच्या आजी तुम्हाला भेटल्या असतील तर त्या सावित्रीच.

१५. मुलासाठी यातून काही निघतं का?

सावित्र. सवित्याचा, सवित्याशी संबंधित. व्याकरणाने निर्दोष, कानाला अनोळखी. लोक मुलाला ‘सावित्री’ म्हणून हाक मारतील ही भीती मात्र खरी आहे.

१६. हे नाव फक्त महाराष्ट्रातलं का? परदेशात चालेल?

बंगालपासून केरळपर्यंत सगळीकडे आहे. तेलुगू आणि तमिळ पडदा गाजवणारी नटी सावित्रीच होती. जावा बेटावरही हे नाव आजही बायका लावतात, त्यांत मुसलमान घरच्याही आहेत. तिकडे महाभारत धर्म बदलल्यावरही घरात राहिलं.

उलट दिशेने आलेली एक सावित्री मराठी माणसाला ठाऊक हवी. २० जुलै १९१३ रोजी स्वित्झर्लंडमध्ये न्यूशातेलला जन्मलेली ईव्ह इव्हॉन. बाप हंगेरियन, आई रशियन. भारतीय सैन्यातल्या विक्रम खानोलकर या मराठी अधिकाऱ्यावर तिचं प्रेम बसलं, १९३२ साली लग्न झालं आणि तिने नाव घेतलं सावित्रीबाई. स्वातंत्र्यानंतर परमवीर चक्राचं डिझाइन करण्याचं काम आलं तेव्हा तिला आठवले ते दधीची ऋषी आणि त्यांच्या हाडांचं वज्र. चक्रावर आज जी वज्रं दिसतात ती तिची. पहिलं परमवीर चक्र मेजर सोमनाथ शर्मांना मिळालं, आणि ते तिच्या मुलीचे दीर निघाले. बाकीच्यांना नाव मिळतं. सूर्येसारखं आणि राजकन्येसारखं मनाने ठरवून या बाईने नावही स्वतःच निवडलं.

१७. मुलीला जन्मभर ‘नवऱ्यासाठी उपास करणारी’ अशी ओळख चिकटेल, म्हणून बायकोचा विरोध आहे. काय सांगू?

सहावा प्रश्न वाचायला द्या. नाव ठेवलं तेव्हा नवरा नव्हता, हे एक. उपास सोडून द्या, तिने काम केलं ते जिभेने, हे दुसरं. यमाला तिने भक्तीने जिंकलं नाही. त्याच्याच शब्दांत त्याला पकडलं. मला विचाराल तर हे वकिलाच्या घरी ठेवायचं नाव आहे.

तरीही बायको नको म्हणाली तर नको. जिच्या पोटी मूल आलं तिच्या मनाविरुद्ध सावित्री ठेवणं हे त्या नावालाच धरून होणार नाही.

१८. सासूबाईंचं नाव सावित्री आहे आणि मुलीलाही तेच ठेवायचं आहे. सून हाक कशी मारणार?

पूर्वी सून सासूचं नाव उच्चारत नसे. म्हणून आजीचं नाव पाळण्यात ठेवायचं आणि हाकेला दुसरंच, अशी सोय घरोघरी असे. बारशाला कानात ‘सावित्री’, आणि घरात बेबी, ताई, छबू. माझ्या आत्याचं पाळण्यातलं नाव सावित्री होतं हे मला तिच्या तेराव्याला कळलं. जन्मभर ती माई होती.

आता सुना सासूला नावानेही हाक मारतात, तेव्हा अडचण उरते ती दारावर आलेल्या पार्सलची. आजी आणि नात दोघी ‘सावित्री’ आणि आडनावही एकच. पार्सल कुणाचं, हे फोडल्यावर कळतं. आमच्या ओळखीच्या एका घरात आजीचं गुडघ्याचं तेल नातीने उघडलं आणि नातीचा पट्टेदार टी-शर्ट आजीने आठवडाभर घातला. तो परत द्यायला ती तयार नाही.